‘संमतीने’ या एका शब्दाची सात वर्षे

आमच्या दाव्याच्या चौथ्या परिच्छेदात ‘संमतीने’ हा शब्द विरुद्ध पक्षाने घातला नव्हता. तो आम्हीच लिहून दिला होता आणि त्याखाली आईची सहीही होती. पुढची सात वर्षे त्या शब्दाभोवती गेली. न्यायालयात पक्षकार जे सांगतो, लिहून देतो किंवा त्याच्या वतीने वकील उभे राहून जे बोलतात, त्यावर खटल्याची पुढची वाट कशी ठरते, हे मला या दाव्यात प्रत्यक्ष पाहायला मिळाले. म्हणून तो अनुभव सविस्तर लिहीत आहे.

कळव्याच्या खारीगावात आमचे जुने घर आहे. रस्त्यावरून घरापर्यंत पोहोचायला शेजाऱ्यांच्या जागेतून सुमारे सहा फूट रुंद आणि साठ फूट लांब अशी एक वाट आहे. आजोबांनी १९६८ साली ही जागा ज्या मालकाकडून घेतली, त्याच मालकाने दोन वर्षांनी रस्त्यालगतचा तुकडा शेजाऱ्यांच्या वडिलांना विकला. आमच्या मागे नाला आहे आणि दोन्ही बाजूंना दुसऱ्यांच्या भिंती आहेत. आई १९७४ साली लग्न होऊन आली ती याच वाटेने. शेजाऱ्यांच्या वडिलांना सगळे तात्या म्हणत. तात्या गेले, जागा मुलांच्या नावावर झाली आणि २०१६ च्या दिवाळीनंतर मोठ्या मुलाने वाटेच्या तोंडाशी विटांची गाडी उतरवून तेथे खोली बांधणार असल्याचे सांगितले.

ठाण्याच्या कोर्टनाक्याजवळ कार्यालय असलेल्या एका वकिलांकडे आम्ही गेलो. आईने त्यांना सगळी हकीकत सांगितली. ती म्हणाली, “तात्यांनी कधी आडकाठी केली नाही. उलट पावसाळ्यात चिखल झाला की तेच दगड टाकून द्यायचे आणि म्हणायचे, जपून जा वहिनी.” हे वाक्य मसुद्यात असे उतरले: ‘प्रतिवादीच्या मयत वडिलांच्या संमतीने व सलोख्याने वादी सदर वाटेचा वापर करीत आलेल्या आहेत.’ मी ते वाचले तेव्हा मला त्यात काही वावगे दिसले नाही. उलट तात्यांच्या चांगुलपणाची नोंद कागदावर झाली, याचे बरेच वाटले. आईने प्रत्येक पानावर सही केली, शेवटी सत्यापनाखाली सही केली आणि सोबतच्या प्रतिज्ञापत्रावरही सही केली. वरील मजकूर माझ्या माहितीप्रमाणे खरा आहे, असे ती न्यायालयाला लेखी सांगत होती. त्या क्षणी त्याचे वजन आम्हा दोघींपैकी कुणालाही कळले नव्हते.

दावा दाखल झाला आणि तात्पुरत्या मनाई हुकुमाचा अर्ज निशाणी ५ ला (निशाणी म्हणजे दाव्यातील कागदाला दिलेला क्रमांक) आला. पहिल्या तारखेला शेजाऱ्यांचे वकील हजर झाले. म्हणणे देण्यास मुदत मिळावी, अशी त्यांनी विनंती केली (वकील मंडळी या म्हणण्याला ‘से’ म्हणतात) आणि पुढे म्हणाले, “पुढील तारखेपर्यंत आम्ही बांधकाम करणार नाही, साहेब.” न्यायाधीशांनी ते टिपून घेतले आणि त्या निवेदनाच्या आधारे तातडीचा मनाई हुकूम न देता तारीख दिली. आम्हाला हायसे वाटले. हुकूम मिळाला नसला तरी वकिलांनी भर न्यायालयात शब्द दिला होता, मग आणखी काय हवे, असा आमचा समज होता.

पुढच्या तारखेला न्यायाधीश रजेवर होते. पट्टेवाल्याने दारावर लावलेल्या यादीतून आम्ही नवी तारीख उतरवून घेतली आणि घरी आलो. त्यानंतरच्या शनिवार-रविवारी वाटेच्या तोंडाशी पाया खणला गेला आणि सोमवारी सकाळी तेथे काँक्रीट पडलेले होते. शब्द मोडला म्हणून न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज करावा, या निश्चयाने मी वकिलांकडे गेले. त्यांनी आधी रोजनाम्याची नक्कल काढायला लावली. ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगते: रोजनामा म्हणजे प्रत्येक तारखेला दाव्यात काय झाले याची न्यायालयाने ठेवलेली नोंद. कोण हजर होते, कोणता अर्ज आला, कोण काय म्हणाले, पुढची तारीख कशासाठी दिली, हे सर्व त्यात असते. सही-शिक्क्याची ती नक्कल हातात आल्यावर वकिलांनी एका ओळीवर बोट ठेवले: ‘प्रतिवादीतर्फे निवेदन करण्यात येते की, पुढील तारखेपर्यंत बांधकाम करण्यात येणार नाही.’ त्यानंतरच्या तारखेच्या नोंदीत निवेदन पुढे चालू ठेवल्याचा उल्लेख नव्हता. त्या दिवशी आमच्यातर्फे कुणी तशी विनंतीही केली नव्हती. दिलेला शब्द ज्या तारखेपर्यंत होता, त्या तारखेला तो संपला होता, आणि संपलेला शब्द मोडता येत नाही.

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ नुसार न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग हा दिवाणी अवमान ठरतो. मात्र त्यासाठी हमी नेमकी काय होती, कुणी दिली आणि कुठपर्यंत दिली, हे अभिलेखातून स्पष्ट दिसावे लागते. आमच्या हातात तसे काहीच नव्हते. मग छायाचित्रांसह तातडीचा अर्ज केला, तेव्हा न्यायालयाने ‘जैसे थे’ आदेश दिला. पुढच्या सुनावणीत शेजाऱ्यांच्या वकिलांनी पुन्हा तोंडी निवेदनाची तयारी दाखवली. या वेळी आमच्या वकिलांनी नम्रपणे पण ठामपणे दोन गोष्टी मागितल्या: हमी पक्षकाराच्या स्वतःच्या सहीने लेखी द्यावी, आणि तिची मुदत निशाणी ५ च्या निकालापर्यंत असावी. तसे हमीपत्र आले आणि त्यानंतर एकही वीट रचली गेली नाही. पहिल्या तारखेला हेच मागितले असते तर ते काँक्रीट पडले नसते, ही खंत मला अजून आहे. तेव्हापासून प्रत्येक तारखेनंतर रोजनामा पाहायचा, हे मी माझे काम मानले. ई-कोर्टच्या संकेतस्थळावर पुढची तारीख आणि थोडक्यात कामकाज कळते, परंतु नेमके शब्द पाहायचे असतील तर नक्कल काढणेच योग्य, असे माझे मत झाले.

त्यानंतर कैफियत, म्हणजे आमच्या दाव्याला शेजाऱ्यांचे लेखी उत्तर, आली. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ८ नियम १ नुसार समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत ती द्यायची असते आणि कारणे नोंदवून ही मुदत ९० दिवसांपर्यंत वाढवता येते. त्यांनी ती शेवटच्या आठवड्यात दाखल केली. ती वाचताना मला प्रथम धीर आला, कारण वाट आहे, ती सहा फुटांची आहे आणि आम्ही ती पूर्वापार वापरतो, हे त्यांनी नाकारलेले नव्हते. याच आदेशाच्या नियम ३ ते ५ चे सूत्र असे की, दाव्यातील प्रत्येक विधान स्पष्टपणे नाकारले पाहिजे. मोघम नकार पुरेसा नाही, आणि जे नाकारले नाही ते कबूल धरले जाऊ शकते. त्यामुळे वाटेचे अस्तित्व सिद्ध करण्यासाठी आम्ही जे पाच साक्षीदार मनाशी धरले होते, त्यांची गरजच उरली नाही. भारतीय पुरावा अधिनियम, १८७२ च्या कलम ५८ प्रमाणे कबूल केलेली गोष्ट सिद्ध करावी लागत नाही. (आता त्या कायद्याच्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ आला आहे आणि तो १ जुलै २०२४ पासून लागू आहे, त्यातही ही तरतूद कायम आहे.)

मात्र पुढच्याच परिच्छेदात त्यांनी आमचा शब्द उचलला होता. ‘वादीने स्वतःच कबूल केले आहे की, सदर वापर प्रतिवादीच्या वडिलांच्या संमतीने होता. सदर संमती प्रतिवादीने काढून घेतली आहे.’ मला पहिल्यांदा त्याचा अर्थच लागला नाही. वकिलांनी समजावून सांगितले. १८८२ च्या इझमेंट (दुसऱ्याच्या जागेवरील वापराचा हक्क) कायद्याच्या कलम १५ नुसार वाटेचा हक्क दीर्घ वापराने मिळवायचा असेल तर तो वापर उघडपणे, शांततेने, खंड न पडता, २० वर्षे आणि हक्क म्हणून झालेला असावा लागतो. कुणाच्या परवानगीने केलेला वापर हा हक्काचा वापर होत नाही, मग तो ५० वर्षे चाललेला असो. परवानगी ही परवानगीच राहते, आणि ज्याने दिली तो ती सामान्यतः मागेही घेऊ शकतो. तात्यांच्या चांगुलपणाची आम्ही केलेली नोंद आमच्याच हक्काच्या मुळावर आली होती.

“मग तो शब्द खोडून टाकूया,” मी म्हणाले. वकिलांनी मान हलवली. दाव्यात दुरुस्ती करता येते, परंतु विरुद्ध पक्षाला ज्याचा लाभ झाला आहे अशी कबुली दुरुस्तीच्या वाटेने पुसून टाकता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७६ सालीच मोदी स्पिनिंग अँड वीव्हिंग मिल्सच्या प्रकरणात म्हटले आहे. तिचा खुलासा करता येतो. ती कशी आणि कोणत्या अर्थाने दिली गेली, हे दाखवता येते. आम्ही तेच केले. मुद्दे, म्हणजे न्यायालयाने ठरवायचे वादाचे प्रश्न, निघण्यापूर्वीच आदेश ६ नियम १७ खाली अर्ज दिला. सुनावणी सुरू झाल्यावर अशा दुरुस्तीला, योग्य तत्परता दाखवूनही ती आधी करता आली नसती हे पटवावे लागते, म्हणून उशीर करून चालणार नव्हते. ‘संमतीने’ याचा अर्थ हरकत न घेता, सलोख्याने असा आहे, असा खुलासा आम्ही जोडला, आणि त्यासोबत पर्यायी आधारही घेतला: दोन्ही जागा मूळच्या एकाच मालकाच्या होत्या, वाटणी झाल्यावर आमच्या जागेला दुसरा मार्गच उरला नाही, म्हणून कलम १३ प्रमाणे आवश्यकतेचा हक्क. न्यायालयाने खर्च बसवून खुलासा व पर्यायी आधार मंजूर केला आणि मूळ शब्द जागेवर ठेवला. ते न्याय्य होते, असे मला आज शांतपणे वाटते. कारण शेजाऱ्यांनीही त्या शब्दावर विसंबून आपली कैफियत रचली होती.

त्यानंतर मुद्दे निघाले. वाट आहे काय, हा मुद्दा त्यात नव्हता. वापर हक्काने होता की परवानगीने, आणि दुसरा मार्ग उपलब्ध आहे काय, हे दोन मुद्दे खरे होते. दोन्ही पक्षांनी काय कबूल केले आणि काय नाकारले, एवढ्यावरूनच अख्खा दावा या दोन प्रश्नांवर येऊन थांबला होता.

आईचे गुडघे दुखत. कुलमुखत्यारपत्र माझ्याकडे होते, म्हणून साक्ष मीच देणार असे आम्ही गृहीत धरले होते. तेही चुकीचे निघाले. जी गोष्ट पक्षकाराच्या व्यक्तिगत माहितीतली आहे, तिच्याबद्दल मुखत्यार त्याच्या जागी साक्ष देऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली जानकी वाशदेव भोजवानी प्रकरणात ठरवले आहे. १९७४ ची वाट मी कशी सांगणार? त्यामुळे आईचेच सरतपासाचे (आपल्या बाजूच्या मूळ साक्षीचे) प्रतिज्ञापत्र झाले आणि २०१९ च्या पावसाळ्यात तिचा उलटतपास झाला. खाडीपुलावरून रिक्षाने आम्ही कोर्टनाक्याला उतरलो तेव्हा तिने पदराच्या टोकाला गुंडाळलेली गोळी पाण्याबरोबर घेतली.

साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहिलेली आई मला आजही दिसते. शेजाऱ्यांच्या वकिलांनी विचारले, “तुम्ही दाव्यात स्वतः लिहून दिले आहे ना, की तात्यांच्या संमतीने वाट वापरता?” आई म्हणाली, “लिहिलंय ते खरं आहे. पण मी त्यांना कधी विचारलं नाही आणि त्यांनी कधी सांगितलं नाही. माझ्या सासऱ्यांची तिरडी त्याच वाटेने गेली, तेव्हा काय परवानगी काढली होती?” न्यायाधीशांनी क्षणभर लेखणी थांबवली आणि लघुलेखकाला सांगितले. पडद्यावर ओळ उमटली: ‘हे म्हणणे खरे आहे की, दाव्यात संमतीने असा शब्द आहे. हे म्हणणे खरे नाही की, मी कधी परवानगी मागितली होती.’ आईच्या बोलण्यातला कढ त्या ओळींत उतरला नाही, पण दाव्याला जे हवे होते ते नेमके उतरले. लेखी शब्द नाकारायचा नाही आणि त्यामागची हकीकत सांगायची, हे तिला कुणी शिकवले नव्हते. तिने जे घडले तेवढेच सांगितले.

जानेवारी २०२० मध्ये आणखी एक प्रसंग घडला, आणि त्यात दोष आमच्या बाजूचाच होता. त्या दिवशी आमचे वकील दुसऱ्या न्यायालयात अडकले होते आणि त्यांचे कनिष्ठ सहकारी उभे राहिले. मागच्या आळीतले ८४ वर्षांचे आजोबा हे आमचे महत्त्वाचे साक्षीदार त्या दिवशी येऊ शकले नव्हते. कनिष्ठांच्या म्हणण्याप्रमाणे ते “आज आमच्यातर्फे साक्षीदार नाही” असे म्हणाले. रोजनाम्यात आले, ‘वादीतर्फे आणखी साक्षीदार नाहीत असे निवेदन. वादीचा पुरावा संपला.’ मी मागच्या बाकावर बसले होते आणि प्रामाणिकपणे सांगायचे तर ‘आज’ हा शब्द मलाही ऐकू आला नव्हता. वकील नवखा होता, आवाज खाली होता, पंखे फिरत होते.

काही जणांनी सल्ला दिला की, आता राहू द्या, अपिलात मांडा. आमच्या वकिलांनी तो धुडकावला. महाराष्ट्र राज्य विरुद्ध रामदास श्रीनिवास नायक या १९८२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितले आहे की, न्यायालयात काय घडले याबद्दल न्यायाधीशांनी केलेली नोंद अंतिम मानायची असते. वरच्या न्यायालयात जाऊन ‘आम्ही असे म्हणालोच नव्हतो’ असे म्हणता येत नाही. नोंदीत चूक वाटत असेल तर प्रसंग ताजा असताना त्याच न्यायाधीशांसमोर जाऊन ते लक्षात आणून द्यावे. आम्ही चौथ्या दिवशी अर्ज दिला. त्यात न्यायालयाच्या नोंदीबद्दल एक अक्षर नव्हते. आमच्या वतीने निवेदन अपुरे केले गेले, एवढेच लिहिले आणि कनिष्ठ वकिलांनी स्वतःचे प्रतिज्ञापत्र जोडले. त्या तरुणाने अशी चूक आपल्या नावाने कागदावर मान्य केली, याबद्दल मला त्याच्याविषयी आदर वाटतो. शेजाऱ्यांच्या वकिलांनी हरकत घेतली, पण अर्ज खर्चासह मंजूर झाला. मग मार्चमध्ये टाळेबंदी आली. पुढे २०२१ मध्ये न्यायालयाने नेमलेल्या कमिशनरांनी आजोबांच्या घरी जाऊन, ते पलंगावर उशीला टेकून बसले असताना, त्यांची साक्ष नोंदवली.

शेवटी शेजाऱ्यांची साक्ष झाली. त्यांनी स्वतःच्या मालकीच्या पुराव्यासाठी १९७० चे आपल्या वडिलांचे खरेदीखत दाखल केले होते. कैफियतीतही ते खरे व बरोबर असल्याचे लिहिले होते. आमच्या वकिलांनी त्यांना त्यातील चतुःसीमा मोठ्याने वाचायला सांगितली. पूर्व, दक्षिण, उत्तर झाली आणि पश्चिमेला येताच ते अडखळले: ‘पश्चिमेस – आमच्या आजोबांचे नाव – यांचेकडे जाणे-येणेची वाट.’ स्वतःच हजर केलेल्या आणि स्वतःच कबूल केलेल्या दस्तात ती वाट होती. दुसरा मार्ग कुठला, या प्रश्नावर त्यांनी नाल्यावरच्या लाकडी फळ्यांचा उल्लेख केला आणि त्या फळ्या पावसाळ्यात वाहून जातात हेही मान्य केले.

या कबुलीच्या बळावर आदेश १२ नियम ६ खाली लगेच निकाल मागावा, असे त्या कनिष्ठ वकिलांचे मत होते. ज्येष्ठांना ते पटले नाही, कारण ‘संमतीने’ हा शब्द अजून अभिलेखावर होताच आणि तो खुलाशासह तोलला जायचा होता. अपिलांची वर्षे आईच्या वाट्याला येऊ नयेत, असे मलाही वाटत होते. उलटतपासानंतर शेजाऱ्यांकडूनच बोलणी सुरू झाली आणि २०२३ मध्ये तडजोडीचा मसुदा तयार झाला. शेजाऱ्यांचे धाकटे भाऊ दाव्यात नव्हते. त्यांना पक्षकार करून घेतल्याखेरीज सही करायची नाही, यावर आमचे वकील अडून राहिले, कारण तडजोड ज्याने सही केली त्यालाच बांधते. आदेश २३ नियम ३ प्रमाणे ती लेखी आणि पक्षकारांच्या सहीची असावी लागते, आणि उभयतांच्या मान्यतेने झालेल्या हुकूमनाम्यावर कलम ९६(३) प्रमाणे अपील चालत नाही. म्हणजे ते कागदावरचे शेवटचे शब्द होते.

मसुदा मराठीत होता. आईने चष्मा लावला आणि न्यायालयाच्या व्हरांड्यातल्या बाकावर बसून पहिल्यापासून वाचायला घेतला. घाई करू नका, असे वकीलच म्हणाले. तिसऱ्या कलमावर तिचे बोट थांबले. तेथे लिहिले होते, ‘प्रतिवादी हे वादीस सदर वाट वापरण्यास कायमस्वरूपी संमती देत आहेत.’ आईने वर पाहिले आणि शेजाऱ्यांच्या मोठ्या मुलाला हाक मारली. “बाळा, हे बदल. संमती नको. मला हक्क आहे, एवढंच लिही.” तो काही वेळ गप्प राहिला. मग त्याने आपल्या वकिलांकडे पाहिले, त्यांनी पेन काढला, ‘कायमस्वरूपी संमती देत आहेत’ हे शब्द खोडले आणि वर लिहिले: ‘वादीचा कायमस्वरूपी हक्क मान्य करीत आहेत.’ खाडाखोडीजवळ चौघांनी सह्या केल्या.

आत गेल्यावर न्यायाधीशांनी आईला विचारले, “मजकूर वाचला का? समजला का? कुणाच्या दबावाखाली सही केलेली नाही ना?” आई म्हणाली, “वाचला, समजला. तिसरं कलम दुरुस्त करून घेतलंय, ते तेवढं पाहून घ्या साहेब.” न्यायाधीशांनी पान उलटले, खाडाखोडीवरच्या सह्या एक-एक करून पाहिल्या आणि ती दुरुस्ती दोन्ही पक्षांना मान्य असल्याचे रोजनाम्यात लिहून घेतले.